बावीस फेरे

"अजून किती?" हवालदार फारूखनं जांभई देत विचारलं.

"अकरा झाले. बावीस लागतेत," पुंजाराम म्हणाला. रस्त्यातल्या खड्ड्यात उतरवलेली लांब लोखंडी चावी तो दोन्ही हातांनी फिरवत होता. गारखेड्याच्या या गल्लीला आठव्या दिवशी पाणी येतं. बावीस फेऱ्यांत एक जरी कमी पडला, तर चढावरच्या शेवटच्या घरी, म्हणजे चतुराबाईच्या नळाला, नुसती हवा येते. हे कुठल्या कागदावर नाही. एकतीस वर्षं व्हॉल्व सोडून सोडून ते पुंजारामच्या मनगटात बसलं आहे.

त्याच मनगटावर नानासाहेब टँकरवाल्याची माणसं उठली होती. पाण्याच्या पाळीतला अर्धा तास आमच्या टँकरला द्यायचा, एवढंच त्यांचं मागणं. पुंजाराम नाही म्हणाला. मग रोज गाडी आडवी, घरावर दगड, बायकोला फोन की हात तोडू. ठाण्यात तीनदा अर्ज दिला, तिन्ही वेळा बघतो म्हणाले. शेवटी तो कोर्टात गेला. आठ महिने तारखा, जिने आणि झेरॉक्स. मग आदेश निघाला: ड्यूटीच्या वेळेत पुंजारामसोबत एक पोलीस.

पोलीस बघून निम्म्या गल्लीला वाटलं, पुंजारामनंच काहीतरी खाल्लं असणार. त्यानं तेही सोसलं. निवृत्तीला सात महिने उरले होते आणि तेवढं पाणी त्याला नीट सोडायचं होतं.

पोलीस मिळून तिसऱ्या आठवड्यात पाणीपुरवठ्याच्या साहेबांनी बोलावलं.

"पुंजाराम, उद्यापासून ऑफिसात बसा. चावी सांडूकडे द्या."

"माझं काय चुकलं, साहेब?"

"चुकलं काही नाही. कोर्टाचा आदेश आहे. रस्त्यावर तुम्हाला काही झालं तर माझी नोकरी जाईल."

पुंजारामनं चावी पुसून हाताखालच्या सांडूच्या हातात दिली. "बावीस. मोजून," तो म्हणाला. सांडूनं खाली बघून मान हलवली. सांडू वाईट माणूस नव्हता. त्याला दोन लहान पोरी होत्या आणि त्याच्यामागं पोलीस नव्हता.

पाण्याच्या दिवशी पुंजाराम आणि फारूख टाकीखालच्या ऑफिसात समोरासमोर बसून होते. दुपारी चतुराबाई काठी टेकत आली. ऐंशीच्या घरातली एकटी बाई, दारात येऊन खालीच बसली.

"पुंजाराम, नळाला नुसती हवाच येतीया रं. टँकर मातर भरून गेले. तीन मोजले म्या."

 फारूख हळूच म्हणाला, "चाचा, अर्ज लिखें क्या?"

"कुणाला?" पुंजारामनं विचारलं. तो चिडला नव्हता, त्याला खरंच सुचत नव्हतं. पुन्हा त्या पायऱ्या चढायचं त्राण त्याच्यात उरलं नव्हतं.

तो उठला. ऑफिसातले दोन कॅन विसळून भरले, सायकलला अडकवले.

"किधर?"

"आदेशात काय लिवलंय? मी जाईन तिथं तुमी."

फारूखनं सुस्कारा सोडला, आपली लाठी बगलेत मारली आणि मागून सायकलला हात लावला. तिघं चालू लागले. व्हॉल्वच्या खड्ड्याभोवती टँकरच्या चाकांचा चिखल अजून ओला होता. पुंजारामला रडू आलं असतं, पण पुढं चढ होता.

दोन्ही कॅन ओतून चतुराबाईचा रांजण पावही भरला नाही. तिनं त्यातलंच तांब्याभर पाणी आधी फारूखला दिलं, मग पुंजारामला.

"आता कधी येशील?"

"आठव्या दिवशी," पुंजाराम म्हणाला. "पाळी चुकायची नाय, मावशी."

आणि रिकामे कॅन घेऊन तो उतारावरून निघाला. चार पावलं मागं फारूख.