सबिना द्रोझ्दचा कागद

पोलंडमधल्या आमच्या वूच शहरात माणूस गेलं की काळ्या चौकटीतला कागद छापतात आणि चर्चपाशी, घराच्या दारावर, कामाच्या जागी चिकटवतात. माझ्या बायकोचा, सबिनाचा मजकूर मीच लिहिला. ‘सबिना द्रोझ्द, अभिनेत्री. वय चौसष्ट.’ थिएटरच्या दारावर मीच चिकटवला. तिथं ती नाटकं करायची, आणि चाळीस वर्षं सुतारकाम केलंय मी.

दफनाच्या दिवशी सकाळी पाहतो तर माझ्या कागदावर दुसरा, मोठा, रंगीत. फोटो नर्सच्या टोपीतला. ‘आपल्या लाडक्या सिस्टर बोगना गेल्या.’ खाली सबिनाचं नाव, मुंगीएवढं.

ज्या टीव्ही मालिकेत सबिना नर्स बोगना व्हायची, तिच्या ऑफिसातला रादोस्वाव फुलांचं चक्र घेऊन तिथंच उभा होता.

“हे कुणी लावलं?”

“आम्हीच, काका. रागावू नका. लोक त्यांना याच नावानं ओळखतात.”

“आणि खऱ्या नावानं का ओळखत नाहीत, ते ठाऊक आहे?”

त्याला कुठून ठाऊक असणार! चोविसाव्या वर्षी सबिना सिनेमाची नायिका झाली. गिरणीतल्या संपकरी बाईचं काम. तेवढ्यात लष्करी राजवट आली आणि सरकारनं सिनेमा कपाटात कोंडला. नऊ वर्षं! बाहेर आला तेव्हा ती तेहतीस वर्षांची, आणि नायिका दुसऱ्याच. पुढं याच थिएटरनं तिला काढून टाकलं. मग चौदा वर्षं ती मालिकेत थर्मामीटर झटकत राहिली. घरी येऊन म्हणायची, “आज परत कुणाला तरी ताप आला बघ, आलोयझी.”

रादोस्वाव घसा खाकरत म्हणाला, “काका, मालिकेत बोगनाचंही दफन दाखवायचंय. आज लांबून एक कॅमेरा लावू? वीस सेकंद. तुमचा चेहरा येणार नाही.”

“माझा चेहरा नको, आणि तिची शवपेटी चालते?”

“लोकांना रडायचं असतं हो.”

“मग तुझ्या बोगनासाठी रिकामी पेटी आण. माझ्या बायकोला हात लावायचा नाही!”

मी खिशातली पटाशी काढून त्याचा कागद खरवडायला लागलो. पिशवी घेतलेली एक म्हातारी थांबली. “अगं आई, सिस्टर बोगना गेली?”

रादोस्वावनं माझ्याकडं पाहिलं. नजर म्हणत होती, ‘बघा, म्हटलं नव्हतं?’

“बोगना कुणी नव्हतीच, बाई. ही सबिना द्रोझ्द. माझी बायको.”

ती ओशाळली. “दर गुरुवारी घरी यायची हो माझ्या. नाव कधी वाचलंच नाही. सबिना ना? सबिना द्रोझ्द.” तिनं पिशवी खाली ठेवली आणि कागदाचं सुटलेलं टोक धरून ओढलं.

त्याच्याबरोबर खालचा माझा कागदही फाटून आला. दुसरा शिल्लक नव्हता. मग मी सुतारी पेन्सिल काढली आणि दारावरच वीतभर अक्षरांत तिचं नाव लिहिलं.

आवाज ऐकून थिएटरचा मॅनेजर धावत आला. “आलोयझी, वेड लागलं का? दार खराब केलंस!”

“दार मी बनवलंय,” मी म्हणालो आणि परत एकदा, आणखी दाबून, गिरवलं.