तापली धाव आणि जामीनदार

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. सुतार ती चढला, आणि वर छाती फुगवून चढला. त्याच्या मेहुण्यानं बांधाच्या भांडणात शेजाऱ्याचं डोकं फोडलं होतं. कारकुनानं विचारलं, जामीन राहायला पत असलेला माणूस कोण आहे? उभ्या जन्मात सुताराची पत कुणी विचारली नव्हती. त्यानं आपला अर्धा एकर लिहून दिला, झोकात सही ठोकली आणि दर तारखेला याला हजर करायचं माझ्याकडे लागलं, असंही सांगून मोकळा झाला.

आता हातात नोटीस होती. मेहुणा तारखेला आला नाही, जामीनपत्र जप्त झालंय, तर रक्कम तुमच्याकडून का वसूल करू नये याचं कारण दाखवा. नाही दाखवलं तर अर्धा एकर गेला. मेहुण्याच्या नावानं वॉरंट निघालं होतं ते वेगळंच.

कारण सुताराला तोंडपाठ होतं. त्या सकाळी अंगणात गोवऱ्या पेटवून त्यानं गाडीच्या चाकाची लोखंडी धाव तापत ठेवली होती. कोर्टाला निघालेला मेहुणा सांगून जायला डोकावला. धाव लाल झालेली, धरायला दुसरा माणूस नाही. सुतार म्हणाला, "जरा सांडशी धर, मग जा."

धाव चाकावर झकास बसली. तोवर एसटी गेली, आणि ती दिवसातून एकच. ज्यानं हजर करायचं त्यानंच अडकवून ठेवलं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

चहाच्या टपरीवरच्या शहाण्यांनी सल्ला दिला की मेहुणा पळाला म्हणून सांग, तू सुटशील. सुताराला तो पटलाही. घरी येऊन त्यानं गोठा झाडणाऱ्या बायकोला ऐकवला.

"तुमच्या चाकापायी माझा भाऊ आत जाणार?" ती झाडू न थांबवता म्हणाली. "खरं सांगा. शोभा तुमचीच होईल. ती काय नवी आहे?"

सुतार मेहुण्याला घेऊन कोर्टात उभा राहिला आणि गोवऱ्यांपासून सगळं सांगितलं. साहेबांनी चष्मा काढला.

"धाव नीट बसली का?"

"एक नंबर, साहेब."

सगळं कोर्ट हसलं. वॉरंट रद्द झालं. दंडाची बरीचशी रक्कम माफ झाली. उरली ती एका चाकाच्या मजुरीत भागणारी होती. शेत वाचलं म्हणून सुताराचे डोळे भरून आले. पण मेहुण्याला नवा जामीनदार लागणार होता. मेहुण्यानं सवयीनं दाजींकडे पाहिलं आणि दाजींचा हात, लाज नाही बघा, खिशातल्या पेनाकडे गेला.

बायकोनं तो हात धरून खाली केला. माहेरचा तुकडा तिच्या नावावर होता. तिनं सही केली.

पुढच्या तारखेला उजाडताच सुतार दुसऱ्या चाकाची धाव तापवायला अंगणात गेला. गोवऱ्या ओल्याचिंब होत्या. शेजारी रिकामा हंडा घेऊन बायको उभी होती.

"भाऊ कधीचा थांब्यावर जाऊन बसलाय," ती म्हणाली. "तुम्हीही चला. तुम्हाला मागं सोडायचं तर तुमचा जामीन कोण राहणार?"