कबुतरवाल्याची मागणी

मोसूलमध्ये कबुतरं उडवणाऱ्याला कोणी मुलगी देत नाही. दिवसभर गच्चीवर असतो, लोकांच्या अंगणात डोकावतो आणि वर खोटं बोलतो, असं पूर्वापार म्हणतात. माझ्या रफाहला मागणी घालायला आला तो गझवान नेमका असलाच.

लढाई संपून वर्ष होत आलं होतं. दोन खोल्यांवर आम्ही छप्पर चढवलं होतं, तिसरीत अजून ढिगारा होता. लढाईतच माझा नवरा गेला, म्हणून लग्नाचा शब्द द्यायचा मान दिराकडे, झन्नूनभावजींकडे. भावजी तसे वाईट नाहीत, पण लोक काय म्हणतील याची त्यांना भारी काळजी. आमच्या गल्लीत लोक उरलेत किती, ते विचारू नका.

गझवान वडिलांना घेऊन आला. पोरगा कष्टाळू, आमचा नळही त्यानंच जोडून दिला होता. भावजींनी एकच अट घातली: आधी कबुतरं विकायची, मग निकाह.

वडील लगेच हो म्हणाले. गझवान खाली बघत बसला. शहर दाएशच्या, त्या आयसिसवाल्यांच्या ताब्यात होतं तेव्हा त्याला चौकात फटके मारून, त्याच्याच हातानं त्याच्या पाखरांच्या माना मुरगाळायला लावल्या होत्या. शहर सुटल्यावर त्यानं नवी जोडी आणली, तेव्हा त्याच्या घराला दारसुद्धा नव्हतं.

"विकतो," तो शेवटी पुटपुटला.

मला वाटलं, सुटलो एकदाचे. तेवढ्यात रफाह पडदा सारून पुढे आली. मागणीच्या बैठकीत मुलगी अशी येत नाही.

"त्यांच्या हातात बंदुका होत्या, तेव्हा पाखरं सोडलीस. त्याबद्दल मी कधी काही म्हणणार नाही," ती गझवानला म्हणाली. "पण काकांच्या हातात काय आहे? आज सोडलीस तर मला तू नकोस."

गझवाननं मान वर केली. "नाही विकत," तो म्हणाला.

भावजी लालबुंद. "वहिनी, पोरीला आवरा. उद्या हा गच्चीवरून लोकांच्या बायका बघत बसेल, मग?"

माझं डोकंच फिरलं. दाएशच्या राज्यात मान खाली घालून मी तीन वर्षं काढली होती, आता घरातही तेच?

"भिंती उरल्यात कुठे, भावजी? अख्ख्या गावानं आमची मोरी पाहिली. त्याच्या डोकावण्याचं काय घेऊन बसलात?"

भावजी उठले. या घरात पुन्हा पाऊल ठेवणार नाही, म्हणाले.

"लग्नाला या, नाहीतर नका येऊ," मी म्हटलं. "शब्द मी दिलाय."