तीनशेवीस नंबरचा कागद

बाळाला घेऊन माहेरी येऊन तिला आठ दिवस झाले, तरी बाबांनी नातवाला हात लावला नव्हता. ते पाळण्यापाशी येत, हात पाठीमागे बांधून वाकून बघत, "नाक आपल्याकडचं आहे हं," असं प्रमाणपत्र देत आणि सटकत. आईने दोनदा बाळ पुढे केलं, तर दोन्ही वेळा त्यांना नेमकं काम आठवलं. चाळीस वर्षं सुतारकाम केलेला माणूस, अडीच किलोच्या जिवाला घाबरला.

तिला मात्र ते लागलं होतं. आपलं बाळ बाबांना आवडलंच नाही की काय, इथपर्यंत तिची मजल गेली.

नवव्या दिवशी दुपारी ती चहा घेऊन त्यांच्या कामाच्या खोलीत गेली. बाबा पाठमोरे बसून काहीतरी घासत होते. लाकूड तर कुठे दिसेना. जवळ जाऊन पाहते तो काय, काचकागद घेऊन ते मन लावून स्वतःचा उजवा तळहात घासत होते.

"बाबा, हे काय चाललंय?"

ते दचकले. "तीनशेवीस नंबर आहे. एकदम बारीक. याने काही होत नाही."

"पण कशाला?"

"परवा दुपट्याची घडी घालत होतो, तर हाताला अडकून धागेच निघाले. कापडाचं हे, मग त्याच्या कातडीचं काय होईल?" मग ते पुटपुटले, "सुरुवात ऐंशीने केली होती. मग एकशेवीस."

टेबल करावं तसे ते जाड कागदाकडून बारीक कागदाकडे क्रमाने गेले होते. अंगठ्याखाली लालभडक झालं होतं.

हसावं की रडावं, तिला कळेना. लहानपणी पाठ खाजली की ती आईकडे फिरकतही नसे. आईचा हात मऊ, त्याचा उपयोग शून्य. बाबा कामावरून आले की ती त्यांच्यापुढे पाठ करून उभी राहायची. ते नुसता तळहात फिरवत, नखं लावायची वेळच येत नसे. तो हात वर्षागणिक खरखरीत होत गेला आणि तिला तेवढंच जास्त बरं वाटत गेलं. लग्नानंतर तिला त्याची किती आठवण यायची, हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं. सांगणार तरी काय? आता त्यातली निम्मी खरखर कागदाने खाल्ली होती, आणि तिला फार वाईट वाटलं.

"हा हात घासायला कुणी सांगितलं तुम्हाला?" ती चिडून म्हणाली. "मी याच हाताखाली मोठी झाले. माझी कातडी गेली का कुठे?"

ती तरातरा आत गेली आणि झोपलेलं बाळ आणून तिने सरळ त्यांच्या मांडीवर ठेवलं.

"अगं, उचल त्याला," ते म्हणाले, पण जागचे हलले नाहीत. मग भीत भीत त्यांनी डावा, अजून कागद न लागलेला तळहात त्याच्या पाठीवर ठेवला. बाळाने अंग ताणलं, सुस्कारा सोडला आणि पुन्हा गाढ झोपलं.

बाबांनी डोळे मिटले. काम संपलं की फळीवरून हात फिरवताना ते असेच डोळे मिटत, कुठे काही घासायचं राहिलंय का ते बघायला. बराच वेळ त्यांचा हात फिरत राहिला.

"याला काही करायला नको," ते शेवटी म्हणाले.