साडेएकोणपन्नास इंच

मित्रांनो, शिंप्याच्या गळ्यात लोंबणारी पिवळी टेप तुम्ही पाहिली असेल. मी तशीच एक जुनी टेप आहे. साठ इंच लांब. एका टोकाला पत्र्याची टोपी आहे, दुसऱ्या टोकाची केव्हाच पडली. आकडे पुसट झालेत, पण ऐट अजून तीच. कारण माझे हेच आकडे एकदा भिंतीएवढे मोठे झाले होते.

कारखान्यातून निघाले ती मी थेट शिंपीकाम करणाऱ्या मास्तरांच्या गळ्यात पडले, ती कायमचीच. मास्तरांचे दुकान म्हणजे एक खोली, दोन शिलाई मशीन, एक कापायचे टेबल आणि उभा आरसा. पण हात असा, की त्यांच्या कोटात वाकून चालणारा माणूसही ताठ दिसे. कमरेचा आकडा ते कधी मोठ्याने बोलत नसत. गिऱ्हाईक पोट आत ओढून उभे राही, मास्तर गुपचूप दोन इंच वाढवून लिहीत आणि म्हणत, "छे हो, होतं तेवढंच आहे!" गिऱ्हाईक खूश, मास्तर खूश.

मास्तरांना एकच मुलगी. लाडाने ते तिला सुई म्हणत. ती अकरा वर्षांची असताना तिच्या पाठीचा कणा एका बाजूला वाकू लागला. डॉक्टरांनी पट्टा दिला, व्यायाम दिले, पण उजवा खांदा खाली उतरला तो उतरलाच. मग मास्तर तिच्या प्रत्येक कपड्यात उजव्या खांद्याला पॅड शिवू लागले. शाळेत कुणाला पत्ता लागला नाही. मास्तरांना त्याचा केवढा अभिमान! मलाही होता, खोटे कशाला बोलू?

सुई मोठी झाली, कला शिकली आणि कलावंत झाली. तिची कला जरा वेगळी. ती लोकांसमोर स्वतः उभी राही, आपल्या शरीराने काही करून दाखवी आणि त्याचा व्हिडिओ करी. आपण कोण आणि हे शरीर आपले कसे, हाच तिचा विषय. मास्तर गिऱ्हाइकांना सांगत, "कॅमेऱ्याचं काहीतरी करते."

एके दिवशी ती दुकानात आली आणि म्हणाली, "बाबा, माझी मापं घ्याल? लोकांसमोर. दोन्ही बाजूंची, आकडे मोठ्याने बोलून."

मास्तरांनी मशीनचे चाक हाताने थांबवले. "वेड लागलंय का तुला? जन्मभर जे झाकलं, ते चव्हाट्यावर मांडू?"

"तुम्ही इतकं छान झाकलंत बाबा, की ते लाजेचंच आहे असं मला वाटत राहिलं."

त्या आठवड्यात मास्तरांनी एकच बाही तीनदा उसवली. मग स्वतःच फोन केला. "येतो. पण कॅमेरा माझ्या तोंडावर धरू नकोस."

कलादालनातली पांढऱ्या भिंतींची मोठी खोली होती. साठ-सत्तर माणसे जमिनीवर बसली होती. सुई उघड्या पाठीचा साधा सदरा घालून उभी राहिली. कॅमेरा माझ्यावर रोखलेला आणि समोरच्या भिंतीवर माझे आकडे माणसाच्या उंचीचे!

"डावा खांदा, जमिनीपासून एक्कावन्न," मास्तर म्हणाले. मग त्यांनी मला उजव्या खांद्याला लावले. "एक्कावन्न."

भिंतीवरचा खरा आकडा सगळ्यांना दिसत होता. कुणी हसले नाही.

"बाबा, पुन्हा," सुई हळूच म्हणाली.

मास्तरांनी चष्मा पुसला. वाकून माझ्याकडे पाहिले. आणि खणखणीत आवाजात बोलले, "साडेएकोणपन्नास!"

त्यानंतर त्यांचा आवाज एकदाही दबला नाही. त्यांनी मला तिच्या वाकलेल्या कण्यावरून, त्याच्याच वळणाने मानेपासून कमरेपर्यंत नेले. इतक्या वर्षांत मी असा रस्ता कधी चालले नव्हते.

मग सुईने मला त्यांच्या हातातून घेतले. "आता तुम्ही उभे राहा." तिने मापे घेतली आणि हसली. "बाबा, तुमचाही उजवा खांदा पाऊण इंच खाली आहे."

"मशीनवर वाकून वाकून झाला असेल," मास्तर म्हणाले. "मला कधी कुणी सांगितलंच नाही!" सगळी खोली हसली. सगळ्यांत मोठ्याने मास्तर.

तो व्हिडिओ पुढे किती गावांना गेला. मास्तरांनी सुईसाठी बिनपॅडचा कोट शिवला. दोन्ही बाजू वेगळ्या कापायच्या, तरी अंगावर सुरकुती पडू द्यायची नाही. त्यांच्या हातून झालेले सगळ्यांत अवघड काम. कोट घालून ती दुकानात उभी असताना एक जुने गिऱ्हाईक म्हणाले, "मास्तर, खांदा चुकलाय."

"नाही हो," मास्तर म्हणाले. "आत्ता कुठे बरोबर आलाय."

आता दुकानात नवी टेप आली आहे. मी खिळ्यावर असते. मित्रांनो, तुमच्याही घरात माझी एखादी बहीण असेल. तिला खेळायला घेऊन ओढाताण करू नका. ताणलेली टेप सैल पडते आणि मग सगळ्यांनाच चुकीचे सांगते. तिला हलक्या हाताने धरा. आणि आकडा कितीही येवो, मोठ्याने वाचा.