वजा पुसला, टोक राहिले

मी एक जुनी पत्र्याची पाटी आहे. लसी साठवण्याच्या शीतखोलीच्या दारावर मला चार खिळ्यांनी ठोकले, त्याला चौदा वर्षे झाली. माझ्यावर निळ्या रंगात एवढेच लिहिले होते :

तापमान < −१५

मित्रांनो, या चिन्हाचे टोक नेहमी लहान संख्येकडे असते. म्हणजे तापमान वजा पंधराहून लहान हवे. वजा अठरा चालेल, वजा बारा चालणार नाही.

दार उघडले की माझ्यावर हिम साचे. शीतखोली सांभाळणारी मावशी ते फडक्याने पुसे, तापमापक वाचे, वहीत आकडा लिहून सही करी. "पाटीबाई सांगतात तसं आपलं," असे ती हसून म्हणे. माझे कौतुक झाले ते एवढेच.

मग तापमापक बिघडला. नव्यावर वजाचे चिन्हच नव्हते. शून्याखाली किती अंश, तेवढा आकडा दिसे. भांडाराच्या साहेबांनी रंगाऱ्याला बोलावले.

"तो वजा पुसून टाक. पाच मिनिटांचं काम."

"बाकी काही?"

"बाकीचं तुझ्या डोळ्यात खुपतंय का?"

रंगाऱ्याने आडवी रेघ पुसली. आता मी सांगत होते, तापमान < १५. मला काही वाटले नाही. गारठ्यात राहून राहून पत्रा बधिर होतो.

दुसऱ्या दिवशी नव्या मापकावर १८ होते. मावशीने दोनदा मला वाचले. अठरा काही पंधराहून लहान नाहीत. तिने साहेबांना विचारलेही.

"पाटी वाचता येते ना? मग तसं करा."

तिने गारठ्याचे बटण फिरवले. आकडा १२ वर आला. तिने सही केली. असे चार दिवस गेले.

पाचव्या दिवशी डॉक्टरबाई आल्या. वहीत चार दिवस १२ लिहिलेले होते, आणि शून्याखाली पंधरा अंशांहून कमी गारठ्यात ही लस निकामी होते. नऊ हजार कुप्या फेकून द्याव्या लागल्या. साहेबांनी चौकशीच्या कागदावर मावशीचे नाव घातले आणि तिला कामावरून काढावे, असे खाली लिहिले. मावशी रडली नाही. टेबलावर किल्ल्या ठेवून बाकावर बसून राहिली.

डॉक्टरबाईंनी कागद वाचला. मग खडू घेऊन माझ्याखाली, दारावरच लिहिले :

−१८ < −१५
१८ > १५

"वजा पुसणं म्हणजे दोन्ही बाजूंना वजा एकने गुणणं, साहेब. शून्याखाली जो जास्त खोल, तो लहान. वजा काढला की तोच मोठा होतो, म्हणून टोक फिरवावं लागतं. तुम्ही आकडा बदललात, चिन्ह तसंच ठेवलंत. मावशींनी पाटी बरोबर वाचली."

"एवढंसं टोक," साहेब म्हणाले.

मग त्यांनी कागद पुढे ओढून मावशीचे नाव खोडले.

रंगाऱ्याने माझे चिन्ह फिरवले. मावशी कामावर राहिली. रोज सकाळी ती आधी त्या दोन ओळी खडूने स्वतः लिहून पाहते, मगच मापक वाचते. बटणाला हात लावत नाही.

मित्रांनो, दोन्ही बाजूंना वजा एकने गुणा किंवा वजा सातने भागा, चिन्ह फिरवायला विसरू नका. मला माझे टोक फिरवता येत नाही. चूक आहे, असे ओरडताही येत नाही. मी फक्त दारावर असते, आणि भली माणसे माझे ऐकतात.