वीस कुलपं

ताईची वाचा गेली त्याला पाच महिने होत आले होते, तेव्हा तो खेळ घरात आला.

ताई म्हणजे धाकटीची थोरली बहीण. एकतीस वर्षं शाळेत गणित शिकवून निवृत्त झालेली आणि लग्नाच्या फंदात न पडलेली. परीक्षेच्या वर्गात तिने नुसतं पाऊल टाकलं तरी मागच्या बाकावरची मुलं चिठ्ठ्या गिळून टाकतात, अशी तिची ख्याती होती. धाकटी नवरा गेल्यापासून तिच्याकडेच राहायची आणि चष्म्याच्या एका दुकानात लोकांचे नंबर काढायचं काम करायची. एका सकाळी दात घासता घासता ताईच्या मेंदूत रक्ताची गुठळी अडकली. पाय हळूहळू सावरला, उजवा हात लुळा राहिला, बोलणं मात्र गेलं ते गेलंच. समजायचं सगळं, एकेक शब्द वाचताही यायचा, पण बोलायला तोंड उघडलं की एकच शब्द बाहेर पडायचा. "बरोबर." भूक लागली तरी बरोबर, चहात साखर जास्त झाली तरी बरोबर, धाकटीवर भडकली तरी बरोबरच, फक्त आवाज चढलेला. डाव्या हाताने लिहायला गेली की अक्षरं एकमेकांत गुंतायची.

स्पीच थेरपिस्ट बाईंकडे आठवड्यातून तीनदा जाणं सुरू होतं; तिथे जिभेचे आणि उच्चारांचे व्यायाम होत, खेळ मात्र घरी खेळायचा होता. खेळ त्यांनीच सुचवला. ब्राउझरमध्ये उघडायचा. पडद्यावर एक घर दिसायचं, त्याला वीस खोल्या, प्रत्येक खोलीला कुलूप. ताईच्या टॅबवर एक शब्द यायचा. तो तिने अक्षरं न वापरता, निव्वळ इमोजींनी पलीकडे कळवायचा. पलीकडे धाकटीने लॅपटॉपवर ते इमोजी बघून शब्द ओळखायचा. तीन प्रयत्न मिळत, आणि दर चुकीनंतर ताईला इमोजी बदलता येत. ओळखलं तर कुलूप उघडे, नाहीतर लाल होई. रोजचे गुण आपोआप बाईंच्या कॉम्प्युटरवर जात.

"चुकलं तर चुकू द्या," बाईंनी धाकटीला बजावलं होतं. "तुम्हाला कळलं नाही, की त्या दुसरी वाट शोधतील. त्या शोधण्यातच सगळा उपचार आहे. तुम्ही मदत करायला जाऊ नका."

खाणाखुणा नकोत म्हणून ताई तिच्या खोलीत बसायची, धाकटी स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी, मधलं दार लोटलेलं. पहिल्या दिवशी तीन कुलपं उघडली, दुसऱ्या दिवशी दोन. ताईचं डोकं कुठून कुठे जायचं ते धाकटीला उमगायचंच नाही. एकदा कासव, घड्याळ आणि नळ अशी चित्रं आली. धाकटीने उशीर लिहिलं, तहान लिहिलं, म्हातारपण लिहिलं. शब्द निघाला "संयम". लाल कुलूप बघून ताईने टॅब पालथा घातला आणि त्या दिवशी जेवली नाही.

नवव्या दिवशी दार नीट लागलं नव्हतं. फटीतून धाकटीला दिसलं, की ताई डाव्या हाताने स्वतःच्या तोंडावर चापट्या मारून घेते आहे. जोराने नव्हे. वर्गात गप्प बसणाऱ्या पोराला माराव्यात तशा, एकामागून एक. धाकटी जागेवरच थिजली. आत जाऊन हात धरायचंही तिला सुचलं नाही.

दुसऱ्या दिवशी तिने मोबाईलवर ताईच्या नावाने तोच खेळ उघडला. तसं केलं की ताईच्या टॅबवरचा शब्द मोबाईलवरही दिसतो, हे तिला पहिल्याच दिवशी, खेळ लावून देताना, कळलं होतं. मोबाईल तिने साखरेच्या डब्याला टेकवून ठेवला. लॅपटॉपवर केळं, सायकल आणि चष्मा आला. मोबाईलवर शब्द होता "मैत्रीण". जन्मात ओळखता आला नसता. तिने तो टाइप केला.

"बरोबर!" आतून ताईचा आवाज आला. पाच महिन्यांत पहिल्यांदा तो शब्द जिथे शोभतो तिथे पडला होता. धाकटीच्या डोळ्यांत पाणी उभं राहिलं. आनंदच झाला होता तिला, हे तिने पुढे कधी नाकारलं नाही.

रोज एखाददुसराच शब्द बघायचा, असं तिने ठरवलं. पण ताई त्या दिवसापासून टेबलाशी येऊन जेवू लागली. केस विंचरू लागली. खेळाची वेळ झाली की आधीच टॅब पुसून वाट बघत बसू लागली. मग धाकटीला हात आखडता घेता येईना. आठ कुलपं झाली, बारा झाली, सतरा झाली. संशय नको म्हणून दोन-तीन ती मुद्दाम चुकवायची. कॉपी करणारी पोरंही हेच करतात, हे तिला ताईनेच कधीतरी हसत हसत सांगितलं होतं. ते आठवलं की तिचे कान गरम व्हायचे.

दुकानात त्याच सुमाराला एक गाडीचालक आले. वाहन परवान्यासाठी डोळे तपासायचे होते. त्यांनी तक्त्यावरची शेवटची ओळ घडाघडा म्हणून दाखवली, पण धाकटीने तक्ता फिरवला तरी तीच ओळ म्हणाले. एरवी ती अशा माणसांना चांगलं फैलावर घ्यायची. पाठ करून मला फसवाल, रस्त्याला कसं फसवणार, असं विचारायची. त्या दिवशी ती इतकंच म्हणाली, "काका, दिसतंय तेवढंच सांगा." आणि पुढचा नंबर काढताना तिच्या हातून भिंगांची अदलाबदल झाली.

महिन्याभराने थेरपिस्ट बाईंचा फोन आला. गुणांचा आलेख बघून त्या हरखल्या होत्या. इतकी झपाट्याने सुधारणा फार कमी जणांत दिसते, म्हणाल्या. त्यांच्याकडे नवे रुग्ण खोळंबले होते. तेव्हा ताईंना आता आठवड्यातून तीनदा यायची गरज नाही, पंधरा दिवसांतून एकदा पुरे, आणि खेळ मात्र रोज चालू ठेवा.

तेव्हा बोलायला हवं होतं. फोन हातात होता, बाई ऐकत होत्या, फार तर दोन वाक्यं लागली असती. धाकटीची जीभ रेटली नाही. ताई समोरच बसून तिच्या तोंडाकडे बघत होती. धाकटीने फोन ठेवला आणि बाई तुझं कौतुक करत होत्या, असं तिला सांगितलं. ताईने मान ताठ केली. पूर्वी शाळेचा निकाल लागला की करायची तशी.

असे खेळ सुरू झाल्याला तीन महिने झाले. मग बाईंनी पहिली मोठी तपासणी ठेवली. ताई इस्त्रीचे कपडे घालून, सगळ्यांच्या आधी जाऊन बसली. बाई म्हणाल्या, आज पलीकडे मी बसते. धाकटी मागच्या खुर्चीवर बसली.

पहिलाच शब्द बाईंना ओळखता आला नाही. त्यांनी चुकीचं उत्तर टाकलं आणि ताईने इमोजी बदलण्याची वाट बघू लागल्या. ताईने तेच तीन इमोजी पुन्हा पाठवले. बाई पुन्हा चुकल्या, ताईने पुन्हा तेच पाठवले, या खेपेला बोट आपटून, जणू समोरचीच मंद आहे. दुसरी वाट शोधायची असते, हेच ती विसरून गेली होती. घरी तिला शोधावीच लागली नव्हती. विसांपैकी दोन कुलपं उघडली. शेवटच्या पाच-सहा शब्दांना ताईने हातच लावला नाही. ती वळून वळून धाकटीकडे बघत होती, की तू तरी सांग यांना.

बाईंनी धाकटीला बाजूला घेतलं. त्यांचा चेहरा उतरला होता. "घरी अठरा आणि इथे दोन. मधल्या दिवसांत आणखी एखादा बारीक झटका येऊन गेला असू शकतो. उद्याच्या उद्या एमआरआय करून घ्या. तुम्हाला घरी काही वेगळं जाणवलं का?"

"थकली असेल," धाकटी म्हणाली. "रात्री झोप नव्हती."

खोटं इतक्या सहज तोंडातून निघालं, की तिचं तिलाच नवल वाटलं.

परतताना टॅक्सीत ताई खिडकीशी बसली होती. काचेत तोंड बघून ती हसत होती. एकदा हसायची, थांबायची, परत हसायची. धाकटीला आधी कळेना. मग कळलं. ओठ एका बाजूला झुकतात का, ते ती तपासत होती. पहिल्या झटक्यानंतर डॉक्टरांनी तिला तसंच हसायला लावलं होतं. घर येईपर्यंत ती हसून बघत राहिली, आणि धाकटी चालकाच्या मानेकडे बघत बसली.

दुसऱ्या दिवशी तपासणी केंद्रात ताईला ढगळा झगा दिला. अंगठी काढून धाकटीच्या हातात दिली, चष्मा दिला. चष्म्यावाचून तिचा चेहरा एकदम म्हातारा दिसायला लागला. आत मशीन खडखडत होतं. ताईने धाकटीचं मनगट धरलं. तिचा हात थंडगार होता. कपाळावर बोट टेकवून तिने भुवया उंचावल्या. पुन्हा झालं का, असं विचारत होती.

तंत्रज्ञ नाव पुकारायला आला तेव्हा धाकटी त्याला म्हणाली, "पाच मिनिटं थांबा." मग ती ताईसमोर गुडघ्यावर बसली.

"ताई, तुला काही झालेलं नाही. मी फसवत होते. तुझा शब्द मला मोबाईलवर दिसायचा. मी ओळखत नव्हते, बघून लिहीत होते. पहिल्या नऊ दिवसांनंतर सगळे."

ताईने हात पुढे केला. धाकटीने चष्मा दिला. तो घालून ताईने तिचा चेहरा पुन्हा नीट न्याहाळला. एकतीस वर्षं तिने असे चेहरे पाहिले होते. तिला पुरावा लागला नाही. तिने पिशवीतून टॅब मागून घेतला, इमोजींची पाटी उघडली, बराच वेळ सरकवत राहिली, आणि निळ्या चौकोनातलं शून्य दाबलं. टॅब धाकटीपुढे धरला. मग धाकटीकडे बोट केलं आणि तेच बोट वळवून स्वतःच्या छातीला लावलं. दोघींचे पेपर रद्द.

धाकटीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं.

तिथूनच तिने बाईंना फोन केला. बाई रागावल्या नाहीत. एमआरआय रद्द करायला सांगितला आणि त्या दोघींना बोलावून घेतलं. त्यांच्याकडे खेळाची सगळी नोंद होती, कोणत्या शब्दाला ताईने कोणते इमोजी पाठवले त्याची. पानंच्या पानं. त्यांनी एक पान धाकटीपुढे सरकवलं.

"मैत्रीण. केळं, सायकल, चष्मा. का, ते विचारलंत कधी?"

धाकटीने नकारार्थी मान हलवली. शब्द आयता मिळत होता, तेव्हा चित्रं वाचायची गरजच उरली नव्हती. कित्येकदा तिने ती नीट बघितलीही नव्हती. तीन महिने बहीण रोज तिला काहीतरी सांगत होती आणि ती साखरेच्या डब्याकडे बघत होती.

आता पुढे काय, तिने विचारलं. बाई म्हणाल्या, आठवड्यातून तीनदाची वेळ दुसऱ्यांना गेली, आता एकदाच मिळेल, तीही सकाळी आठची. मग म्हणाल्या, "पहिलं वर्ष फार मोलाचं असतं. त्यातले हे महिने भरून निघतील असं मी म्हणणार नाही. खोटा धीर तुम्ही आधीच खूप दिलात." हे त्यांनी ताईच्या देखत सांगितलं. धाकटी कानकोंडी होऊन बसली.

त्यानंतर अकरा दिवस ताईने खेळ उघडला नाही. जेवण खोलीत मागवायची, ताट बाहेर ठेवायची. धाकटीने दोनदा माफी मागितली. दोन्ही वेळा ताईने हात उचलून तिला थांबवलं, पुरे या अर्थाने. धाकटीने दुकानातल्या बाईशी पाळी बदलून घेतली आणि आठची वेळ पकडली. तिथेही ताई आत जायची, धाकटी बाहेर बाकावर बसायची. आतून बाईंचा चुकीचा अंदाज ऐकू यायचा, मग ताईची शांतता, मग बऱ्याच वेळाने पुन्हा बाईंचा आवाज.

बाराव्या दिवशी दुपारी धाकटी जेवून उठली तोच ताई टॅब घेऊन स्वयंपाकघरात आली. धाकटीचा मोबाईल ओट्यावर होता. तो तिने उचलून घेतला आणि धाकटीला मानेनेच खुणावून लॅपटॉपपाशी बसवलं. खुर्ची ओढून धाकटीच्या पाठीमागे, लॅपटॉपचा पडदा दिसेल अशी लावली, आणि मोबाईल मांडीवर, टॅब गुडघ्यावर स्वतःकडे वळवून ठेवला. पेपर सुरू करा, म्हणायचंच बाकी होतं.

पहिल्या शब्दाला छत्री, मुंगी आणि बंद डोळे आले. धाकटीने झोप लिहिलं, चुकलं. ताई थांबली. मागे तिचा श्वास ऐकू येत होता. मग छत्रीच्या जागी पाठीवरची पिशवी आली. धाकटीने शाळा लिहिलं, तेही चुकलं. ताईने मुंगी काढून कान टाकला. धाकटीने खूप विचार केला, गुपित लिहिलं, आणि कुलूप लाल झालं. शब्द होता "दडी मारणे".

त्या दिवशी चार कुलपं उघडली. गुण बाईंकडे गेले. नव्या पाळीत दुपारी तीनला दुकान तिनेच उघडायचं होतं, तरी धाकटी उठली नाही. तिने खुर्ची वळवून ताईसमोर केली आणि विचारलं, "छत्री कशाला टाकली होतीस?"

ताई तिच्याकडे बघत राहिली. खरंच विचारते आहे का, हे ती ताडून बघत असावी. मग तिने मोबाईल मांडीवर नीट ठेवला, आणि डाव्या हाताने हवेत काहीतरी दाखवायला लागली. एक दार, आडवी ठेवलेली छत्री, तिच्याआड दबा धरून बसलेली एक छोटी मुलगी. ती मुलगी म्हणजे आपणच, हे धाकटीला समजायला बराच वेळ लागला. दुकान त्या दिवशी उशिरा उघडलं.